अशिलाकडून सूचना नाहीत

गेल्या दिवाळीत याच अंकात ॲडव्होकेट वैशाली गमरे यांची मुलाखत आली होती. घरात मार खाणाऱ्या बायकांच्या केसेस त्या लढवतात आणि नवऱ्यांनी थकवलेली पोटगी वसूल करून आणतात. परळ-लालबागपासून कॉटन ग्रीनपर्यंत त्यांना लोक ओळखतात. मुलाखतीच्या शेवटी त्यांना विचारलं होतं, तुमचे गुरू कोण? त्यांनी माझं नाव सांगितलं. "दळवी सरांच्या ऑफिसात मी काम शिकले. कोर्ट कसं चालतं ते मला त्यांच्यामुळे कळलं," असं छापलं होतं. शेजारी माझा काळ्या कोटातला जुना फोटो.

पुढचा आठवडाभर मला फोन येत होते. आमच्या इमारतीतल्या मंडळींनी खाली बोलावून शाल घातली. मी घालून घेतली. घरी आल्यावर बायकोने शालीचा पोत बघितला आणि म्हणाली, "शाल बरी आसा. पण तुमी काय केलास ता तिका म्हायत आसा मा?"

मी जेवायला बसलो.

यंदा संपादकांचा फोन आला. "सर, आता तुमच्या बाजूने येऊ दे. शिष्या घडवताना." हे शीर्षकही त्यांनीच सुचवलं होतं. लेख देतो म्हणालो, पण शीर्षक घेतलं नाही. वैशाली गमरेंना मी घडवलेलं नाही. मला जमेल तेवढं मी त्यांना अडवलं, कारण मला त्यांचा हेवा वाटत होता. 'वाटत होता' असं लिहून गेलो खरा, पण संपादकांचा फोन ठेवताना पहिला विचार मनात आला तो असा की हिची मुलाखत चार पानं होती, मला किती देणार?

गमरेंचं नाव त्यांना विचारून लिहितो आहे. बाकीची नावं बदलली आहेत.

वकील म्हटलं की लोकांच्या डोळ्यांसमोर बोलणारा माणूस येतो. पोटगीच्या केसमध्ये नवऱ्याच्या वकिलाला फारसं बोलावं लागत नाही. त्याला वेळ काढायचा असतो. बायको मारहाणीविरुद्ध कोर्टात अर्ज करते. निकाल लागेपर्यंत खायचं काय, म्हणून त्याबरोबर तात्पुरत्या पोटगीचा अर्ज असतो. कोर्ट नवऱ्याला विचारतं, यावर तुमचं म्हणणं काय? ते म्हणणं लेखी द्यायचं असतं. त्याला आमच्याकडे 'से' म्हणतात. अख्खं कोर्ट मराठीत बोलत असलं तरी शब्द 'से'च. कायदा म्हणतो, अशी केस साठ दिवसांत संपवायचा प्रयत्न करा. माझे साठ दिवस से द्यायच्या आधीच उडायचे. पहिल्या तारखेला वकीलपत्र दाखल करून मुदत मागायची. पुढच्या तारखेला अर्जाची प्रत पुसट आहे म्हणून दुसरी मागायची. त्याच्या पुढच्या तारखेला अशील गावी गेलेला असायचा, आईचं वर्षश्राद्ध. एका अशिलाच्या आईचं वर्षश्राद्ध मी एका वर्षात तीनदा घातलं. ती बाई चांगली धडधाकट होती, एकदा ऑफिसात येऊन चहा पिऊन गेली.

या कामात मी तरबेज होतो. कोणत्या मॅजिस्ट्रेटकडे कोणतं कारण चालतं आणि कोणाला आजारपणाची चीड आहे हे मला तोंडपाठ होतं. शनिवारी कोण कोर्ट लवकर संपवून उठतं तेही. बार रूममध्ये नवी मुलं विचारायची, "दळवी साहेब, आज काय सांगू?" मी सांगायचो. आवडायचं मला.

तरीही तेव्हा मी दोन्ही बाजूंच्या केसेस घ्यायचो. नवऱ्यांच्याही, बायकांच्याही. फक्त नवऱ्यांच्या घ्यायला लागलो तो गमरेंमुळे.

ती आली तेव्हा नुकती वकिलीची सनद मिळाली होती. तेव्हा मी तिला अगं-तुगं करायचो, आता अहो-जाहो करतो. लिहिताना दोन्ही होणार, चालवून घ्यावं. अँटॉप हिलच्या सरकारी वसाहतीत राहायची, वडील सरकारी छापखान्यात बाइंडर होते. मी म्हणालो, "ज्युनिअरला पगार नसतो. शिकायला मिळतं." ती म्हणाली, "सर, शिकून झाल्यावर घरी तर जावं लागेल ना. निदान बसचं द्या." मला हसू आलं. बसचं द्यायचं कबूल केलं.

बार रूममध्ये एका वकिलाने विचारलं, "दळवी, ही कुठली?" मी म्हणालो, "अँटॉप हिलची." त्याला काय विचारायचं होतं ते मला कळलं होतं, आणि मला कळलंय हे त्यालाही. पुढे ती नावारूपाला यायला लागली तेव्हा मी स्वतःच त्याच्यासमोर म्हणालो होतो, "यांना काय, सगळीकडे पुढे करतातच." हे लिहायला जड जातं, पण मी म्हणालो होतो.

ती ऑफिसात रुळत होती त्या दिवसांत कॉटन ग्रीनची एक बाई आली. नवरा मारायचा. मी नेहमीचे प्रश्न विचारत होतो. लग्नाची तारीख काय? शेवटचं कधी मारलं? पोलिसांत नोंद केली का? बाई दर वेळी "लक्षात नाही" म्हणत होती. तारीख नसेल तर अर्जात काय लिहिणार? मी वैतागलो. कोपऱ्यातल्या कपाटात गमरे फाइल शोधत होती. तिने वळूनही न बघता विचारलं, "ताई, त्या दिवशी जेवायला काय केलं होतं?"

बाई म्हणाली, "काहीच नाही. गॅस संपला होता. तेच तर."

मग ती बोलायला लागली. गॅस संपला, शेजारणीकडून पावशेर रॉकेल आणलं, नवरा आला, पातेलं फेकलं, सगळं. गॅस पुन्हा कधी बुक केला त्याची पावती तिच्या पर्समध्येच होती. म्हणजे तारीख सापडली. मी ती तारीख लिहून घेतली. मी आयुष्य कोर्टात काढलं आणि मला हा प्रश्न कधी सुचला नव्हता.

नंतर मी तो प्रश्न सगळीकडे वापरला. नव्या मुलांना 'माझी पद्धत' म्हणून शिकवला.

त्यानंतर बायका ऑफिसच्या दारात येऊन माझ्या खुर्चीच्या मागे बघायच्या. "मॅडम नाहीत का?" मी समोर बसलेलो. कोर्टातला बेंच क्लार्क माझ्याशी वीस वर्षं मोजून बोलायचा, तो तिला पुढची तारीख सोयीची आहे का विचारायला लागला. खालचा चहावाला मला चहा देऊन जायचा. तिला विचारायचा, "आई बरी आहे का?" कोणी म्हणेल, एवढ्याशा गोष्टी. मला त्या रात्री अंथरुणावर आठवायच्या.

तीनेक वर्षांनी ती म्हणाली, "सर, मी आता स्वतंत्र बसते. फक्त बायकांच्या केसेस घेणार."

"उपाशी मरशील."

"बघू. नाही जमलं तर परत येईन, बसच्या पैशांवर."

तिने कोर्टाजवळच्या झेरॉक्सच्या दुकानाबाहेर एक टेबल टाकलं. माझ्याकडे नवरे यायचे तेव्हा मी फी सांगायच्या आधी विचारायला लागलो, "समोर कोण आहे? गमरे?" हो म्हटलं तर मी फी कमी करून केस घ्यायचो.

राजन पेडणेकरची केस अशीच आली. राजन मंडपवाला. गणपती, लग्नं, पूजा, बारसं, सगळीकडे त्याचे बांबू आणि कापड. कमाई रोखीत, त्यामुळे कागदावर तो जवळजवळ भिकारी. राहायला चिंचपोकळीच्या एका चाळीत. बायको रेश्मा. तिच्या डाव्या कानाचा पडदा त्याने फाडला होता, त्याचे हॉस्पिटलचे केसपेपर गमरेंनी पहिल्याच तारखेला लावले होते. रेश्मा मुलीला घेऊन कॉटन ग्रीनला भावाच्या खोलीत राहत होती आणि दादरच्या एका पोळीभाजी केंद्रात पोळ्या लाटायची. मुलगी तन्वी, शाळेत जाणारी.

से द्यायला मी बराच काळ घेतला. तरी तात्पुरती पोटगी मंजूर झाली. ऑर्डर वाचताना मॅजिस्ट्रेट मॅडम मान वर करून म्हणाल्या, "गमरे, चांगलं मांडलंत." एवढंच. माझ्याकडे बघून त्या असं कधी म्हणाल्या नव्हत्या.

राजनने सुरुवातीला थोडं भरलं, मग बंद केलं. पोटगी मिळवणं आणि पोटगी हातात पडणं यांत किती अंतर आहे ते बाहेरच्या लोकांना माहीत नसतं. ऑर्डर झाली तरी नवऱ्याने भरलं नाही तर बायकोने वसुलीसाठी पुन्हा अर्ज करायचा. मग पोलिसांमार्फत वॉरंट निघतं, आणि तरीही भरलं नाही तर त्याला आत टाकता येतं. पण वॉरंट माणसाला मिळत नाही, पत्त्याला मिळतं. आणि त्याच सुमारास राजनची चाळ पुनर्विकासासाठी रिकामी करून पाडली. भाडेकरू पांगले. राजन लालबागला बहिणीकडे राहायला आला, माझ्या ऑफिसपासून चालत पाच मिनिटांवर. केसमध्ये पत्ता मात्र जुनाच, चाळीचा. तो बदलून देणं माझं काम होतं. मी दिला नाही.

एक गोष्ट त्याहून पुढची केली. वकिलाला केस सोडायची असेल तर त्याने कोर्टाला पुरसिस द्यायची असते. पुरसिस म्हणजे कोर्टाला एखादी गोष्ट कळवणारा अर्धं पानभर कागद. 'अशिलाकडून सूचना नाहीत, सबब मी यापुढे काम पाहू शकत नाही,' असं त्यात लिहितात. अशील खरंच गायब होतात, तेव्हा हा कागद अगदी रास्त असतो. त्याआधी अशिलाला रजिस्टर पोस्टाने कळवावं लागतं. मी राजनला अशी नोटीस पाठवून ठेवली, पाडलेल्या चाळीच्या पत्त्यावर. पाकीट परत आलं. वर पोस्टमनचा शेरा होता, 'इमारत पाडली.' पाकीट मी खणात ठेवलं. तेव्हा ते वापरायचंच असं ठरवलेलं नव्हतं. हाताशी असलेलं बरं, एवढंच.

वसुलीच्या तारखेच्या आदल्या दिवशी गमरेंनी मला कोर्टाच्या जिन्यात गाठलं.

"सर, एक मागायचं होतं."

"बोल."

"रेश्माचा भाऊ ठेवून घ्यायला तयार नाही आता. त्याचं लग्न ठरलंय. ती स्वतः कुठेही राहील हो, एखाद्या मावशीकडे पडून राहील. पण पोरीचं काय? उद्या काही हातात आलं तर ती परळला कुणाच्या तरी खोलीत पार्टनर म्हणून जागा घेतेय. नाहीतर तन्वीला सासूकडे पाठवणार, कणकवलीला. राजनला सांगा ना. सगळं नको, थोडं तरी भरू दे. एकदा गेलेलं पोर परत आणणं कठीण असतं."

ती माझ्याकडे काहीतरी मागत होती. बसचं भाडं सोडलं तर पहिल्यांदाच. मला बरं वाटलं. किती बरं वाटलं ते सांगायला हवं, म्हणून सांगतो. मी जिन्यात वरच्या पायरीवर होतो आणि मुद्दाम तिथून खाली उतरलो नाही. म्हणालो, "बघतो."

संध्याकाळी राजन ऑफिसात आला. अशील वकिलाशी जे बोलतो ते वकिलाने बाहेर सांगायचं नसतं, काम सोडल्यावरही नाही. तेव्हा तो काय म्हणाला ते मी लिहिणार नाही. त्याच्या मांडीवर कापडी पिशवी होती, आणि ती त्याने सारखी दोन्ही हातांनी धरून ठेवली होती. मी जे बोललो ते मात्र माझं आहे. मी म्हणालो, "पिशवी घरी घेऊन जा. उद्या कोर्टात यायचं नाही."

तो माझ्याकडे बघत राहिला. "सांगतो ते ऐक," मी म्हणालो. त्याने ऐकलं. मंडपवाला माणूस, हातात पैसे राहिले तर सीझनसाठी मंडपाचं कापड घेता येईल, त्याला काय नको होतं?

दुसऱ्या दिवशी कोर्ट भरलेलं होतं. आमचा पुकारा झाला. गमरे उभी राहिली, मागच्या बाकावर रेश्मा होती. मी पुरसिस पुढे केली, पाकीट सोबत जोडून. मॅजिस्ट्रेट मॅडमनी वाचली.

"दळवी साहेब, अशिलाचा सध्याचा पत्ता?"

"कल्पना नाही, मॅडम."

"फोन?"

"लागत नाही."

मॅडमनी गमरेंकडे बघितलं. गमरे माझ्याकडे बघत होती. ती म्हणाली, "मॅडम, ते लालबागला बहिणीकडे असल्याचं कळतं. खोली नंबर मिळवून देते." मॅडम म्हणाल्या, मिळवून द्या, मग राजनला नवी नोटीस काढू, नवा वकील नेमायला वेळ द्यावा लागेल. तारीख पडली. लांबची होती.

बार रूममध्ये एकाने पाठीवर थाप मारली. "गमरेला बरोबर बसवलंस." मी नको नको म्हणत चहा मागवला, सगळ्यांसाठी.

बाहेर पडताना ती भेटली.

"सर, काल तुमच्या ऑफिसखाली राजनची बाइक होती."

"असेल. लालबागमध्ये बाइका कमी आहेत का?"

"नाही," ती म्हणाली. "खूप आहेत."

पुढच्या तारखेच्या अर्जात गमरेंनी एक ओळ लिहिली होती. अर्जदाराची मुलगी सध्या आजीकडे गावी आहे. मी ती ओळ वाचली आणि प्रत दुमडून बॅगेत ठेवली. तोवर केस माझी नव्हती.

काही वर्षांनी मी कोर्टात जाणं थांबवलं. गमरेंनी मात्र केस सोडली नाही. थकलेल्या पोटगीच्या वसुलीचा अर्ज वर्षाच्या आत करावा लागतो, नाहीतर तेवढी रक्कम हातची जाते. राजन पत्ते बदलत राहिला आणि ती दरवर्षी अर्ज करत राहिली. एकही वर्ष चुकवलं नाही. मला कुठल्याच अशिलासाठी इतका दम धरवला नसता, आणि याचाही मला हेवाच वाटतो.

मग यंदा, संपादकांचा फोन येऊन गेल्यावर थोड्याच दिवसांत, एका तरुण वकिलाचा फोन आला. राजन शेवटी सापडला होता, आणि हा त्याचा नवा वकील. मोठ्या आदबीने बोलत होता. "सर, तुमची ती पुरसिस फार कामाला आली. आमचं म्हणणं आहे, वसुलीचा अर्ज झाल्याचं क्लायंटला कळलंच नाही. वकिलांचा संपर्क नव्हता, हे रेकॉर्डवरच आहे. सगळी थकबाकी रद्द करून मागतोय. थँक यू म्हणायला फोन केला."

मी म्हणालो, "छान."

दोन दिवस मी कुणाशी नीट बोललो नाही. तिसऱ्या दिवशी बायको म्हणाली, "ज्या काय आसा ता तिका जावन सांगा. माझ्या डोक्यार बसू नकात." मी टॅक्सी करून गमरेंच्या ऑफिसात गेलो.

आता त्यांचं ऑफिस दादरला आहे, पहिल्या मजल्यावर. बाहेरच्या खोलीत आठ-दहा बायका बसल्या होत्या. दोन ज्युनिअर मुली. त्यांतली एक माझ्याजवळ येऊन म्हणाली, "काका, कोणाची केस? मुलीची का?" मी म्हणालो, "माझी." तिने नाव लिहून घेतलं आणि मला रांगेत बसवलं. इतक्या बायका माझ्याकडे कधीच थांबल्या नव्हत्या. मी तिथे बसून छताचा रंग, खुर्च्या, पंखे बघत होतो आणि मनात किमती लावत होतो.

आत गेल्यावर गमरे उठून उभ्या राहिल्या. "सर, बाहेर का बसलात? सांगायचं ना."

मी उभ्यानेच सांगितलं. पुरसिस खोटी होती.

"माहीत आहे," त्या म्हणाल्या. "बसा."

"मग मुलाखतीत माझं नाव कशाला घेतलंस?"

"खोटं कुठे बोलले? नवऱ्याचा वकील काय काय करू शकतो ते तुमच्याकडेच शिकले. त्याच्यावरच तर चाललंय हे सगळं." त्या हसल्या नाहीत. "आणि दुसरं कुणाचं नाव सांगू? शिकवायला दुसरं कोणी घेतलंच नव्हतं मला. तुम्ही बसचं तरी दिलंत."

मी म्हणालो, प्रतिज्ञापत्र करून देतो. त्यांनी पेन खाली ठेवलं. "सर, कोर्टाला खोटं सांगितलं असं लिहून द्याल, तर तुमच्यावर कारवाई होऊ शकते. माझ्या क्लायंटसाठी मला हवंय ते. पण तुम्ही माझे क्लायंट असता तर मी नको म्हणाले असते."

"करायची ती करू देत."

"काय सूचना होत्या राजनच्या?"

"ते सांगता येणार नाही."

"मी तरी विचारून पाहिलं. तुम्ही सांगितलं असतं तरी लिहिलं नसतं." त्यांनी संगणकाकडे वळून टाइप केलं. चार ओळी. सदर पुरसिस दाखल केली त्या दिवशी अशील माझ्या संपर्कात होता. मला त्याच्या सूचना होत्या. त्याचा पत्ता मला माहीत होता. पुरसिसमधील मजकूर खोटा आहे. मी लिहिलं असतं तर दोन पानं झाली असती आणि त्यांत माझ्या तब्येतीचा उल्लेख आला असता. मी सही केली. सही करतानाही मनात हेच चाललं होतं की हे मला इतकं नीट लिहिता आलं नसतं.

सुनावणीला मी गेलो. आता मॅजिस्ट्रेट दुसरे आहेत, तरुण. त्यांनी प्रतिज्ञापत्र दोनदा वाचलं. राजनचा वकील हरकत घेत राहिला, माझ्याकडे बघायचं टाळत. राजन बाजूला उभा होता. केस पिकले आहेत त्याचे. एकदा माझी नजर पकडून त्याने मान हलवली, काय हे साहेब, अशी.

मॅजिस्ट्रेटनी विचारलं, "तुम्ही इतकी वर्षं का बोलला नाहीत?"

मी म्हणालो, "गमरे मॅडम जिंकल्या असत्या म्हणून."

त्यांना वाटलं मी नीट ऐकलं नाही. त्यांनी प्रश्न पुन्हा विचारला. मी उत्तर पुन्हा दिलं. कोर्टात कोणीतरी हसलं, मग गप्प झालं. राजनचा अर्ज नामंजूर झाला. निम्मी थकबाकी आठवड्याच्या आत भरायची, नाही तर आत जायचं. माझ्याबद्दल वेगळी नोटीस काढायची का ते पुढे पाहू, असं साहेब म्हणाले. ती अजून आलेली नाही. येईल.

व्हरांड्यात गमरेंना दोन-तीन वकिलांनी घेरलं, अभिनंदनाला. मी भिंतीशी उभा होतो. एक बाई माझ्या बाजूला येऊन उभी राहिली. डावा कान माझ्याकडे होता, तो तिने फिरवला आणि उजवा केला. तेव्हा ओळखलं.

"तुम्ही त्याचे वकील होता ना," रेश्मा म्हणाली. "आवाजावरून कळलं. 'तारीख मिळावी' म्हणायचात."

"हो."

"आज बरं बोललात."

मी विचारलं, "मुलगी कशी आहे?"

"बारावीला आहे. हुशार आहे. तिकडेच कॉलेजला जायचं म्हणते."

"आता इकडे आणता येईल. पैसे येतील."

"बोलवलं होतं मे महिन्यात. चार दिवस राहिली, मग म्हणाली, आई एकटी असेल." रेश्माने पदराचं टोक बोटाला गुंडाळलं. "आजीला आई म्हणते ती. मला मुंबईची आई."

गमरे माणसांमधून वाट काढत आमच्याकडे येत होत्या. रेश्माने त्यांच्याकडे हात केला, आणि मग, मी अजून तिथेच आहे म्हणून असेल, माझ्याकडे वळून हळूच म्हणाली, "म्हातारीने खूप केलं हो तिचं. रात्र रात्र जागून अभ्यासाला बसवलं. तिला काय बोलणार? वाईट असती तर बरं झालं असतं, साहेब. चांगली आहे, म्हणून जास्त जळतं."